आसियानचा मानवी हक्क आयोग: कार्यकक्षेचे एक टीकात्मक वाचन



मानवी हक्कांवरच्या पहिल्या तासाला दरवर्षी एक प्रश्न येतोच. हक्कांचे रक्षण करण्याचे काम सरकारचे, आणि हक्क मोडणारेही बहुतेक वेळा सरकारच. मग तक्रार करायची कुणाकडे? न्यायालयाकडे, राष्ट्रीय मानवी हक्क आयोगाकडे, असे मी सांगतो. त्यावर मागच्या बाकावरून पुढचा प्रश्न येतो, "आणि तिथेही दाद लागली नाही तर?" संयुक्त राष्ट्रे फार लांब आहेत. देश आणि संयुक्त राष्ट्रे यांच्या मधली एक पायरी आहे. ती म्हणजे शेजारी देशांनी मिळून उभारलेली प्रादेशिक संस्था. आपल्या पाठ्यपुस्तकांत तिच्या वाट्याला जेमतेम एक परिच्छेद येतो. युरोपात असे न्यायालय आहे, अमेरिका खंडांत आहे, आफ्रिकेत आहे, आशियात नाही. एवढे लिहून पुस्तक पुढच्या प्रकरणाकडे वळते.

"आशियात नाही" हे वाक्य अर्धेच खरे आहे. आग्नेय आशियातल्या देशांच्या आसियान या संघटनेने २००९ मध्ये मानवी हक्क आयोग स्थापन केला आणि २०१२ मध्ये मानवी हक्कांचा जाहीरनामाही स्वीकारला. या टिपणात आपण त्या आयोगाची कार्यकक्षा आणि तो जाहीरनामा, हे दोन दस्तऐवज बारकाईने वाचणार आहोत. दोन्ही छोटे आहेत, शक्य असेल तर शेजारी उघडून ठेवा. मी मूळचा इन्स्ट्रुमेंटेशनचा माणूस. अभियांत्रिकी महाविद्यालयात राज्यघटना आणि मानवी हक्क हा विषय कुणीतरी शिकवावा लागतो, म्हणून तो माझ्याकडे आला आणि नंतर सुटला नाही. त्यामुळे कायद्याचा मजकूरही मी यंत्राचा आराखडा वाचावा तसा वाचतो. माहिती कुठून आत येते, निर्णय कुठे होतो, बिघाड झाला तर कुणाला कळते, हे आधी शोधतो. राज्यशास्त्राच्या विद्यार्थ्यांनी एवढे चालवून घ्यावे.

आधी पार्श्वभूमी

आसियानची स्थापना ८ ऑगस्ट १९६७ रोजी बँकॉकमध्ये झाली. इंडोनेशिया, मलेशिया, फिलिपिन्स, सिंगापूर आणि थायलंड हे पहिले पाच सदस्य. पुढे ब्रुनेई, व्हिएतनाम, लाओस, म्यानमार आणि कंबोडिया आले, आणि २०२५ मध्ये तिमोर-लेस्ते. या देशांना एकत्र ठेवणारी गोष्ट म्हणजे एकमेकांच्या अंतर्गत कारभारात हात न घालण्याचे वचन. १९७६ च्या मैत्री आणि सहकार्याच्या करारात ते लेखी आले. या वचनाला आज आपण नावे ठेवतो, पण त्याचा जन्म समजून घ्या. त्याच्या आदल्याच काळात इंडोनेशिया आणि मलेशिया यांच्यात सशस्त्र संघर्ष होऊन गेला होता, आणि शेजारी व्हिएतनाममध्ये युद्ध पेटलेले होते. नुकत्याच स्वतंत्र झालेल्या देशांना शेजाऱ्याची भीती वाटत होती, आणि ती खोटी नव्हती.

१९९३ मध्ये व्हिएन्नाला जागतिक मानवी हक्क परिषद झाली. तिच्या तयारीसाठी आशियाई सरकारे बँकॉकमध्ये जमली होती. हक्क सार्वत्रिक आहेत खरे, पण प्रत्येक प्रदेशाचा इतिहास, संस्कृती आणि धर्म लक्षात घ्यायला हवेत, असे त्यांनी तिथे जाहीर केले. 'आशियाई मूल्ये' हा वाद तो हाच. अमर्त्य सेन यांनी १९९७ मध्ये त्याचा सविस्तर समाचार घेतला आहे. त्याच १९९३ च्या जुलैमध्ये आसियानच्या परराष्ट्रमंत्र्यांनी प्रादेशिक मानवी हक्क यंत्रणेचा विचार करू असे मान्य केले. तो विचार १६ वर्षे चालला.

मधला एक प्रसंग सांगण्यासारखा आहे. सप्टेंबर २००७ मध्ये म्यानमारमध्ये भिक्षूंच्या आंदोलनावर लष्कराने बळ वापरले, तेव्हा आसियानच्या मंत्र्यांनी नेहमीची मवाळ भाषा सोडून उघड घृणा व्यक्त केली. त्यानंतर दोनच महिन्यांनी, २० नोव्हेंबरला, सिंगापूरमध्ये आसियानच्या सनदेवर सह्या झाल्या. मानवी हक्कांसाठी एक मंडळ असेल, असे सनदेच्या १४ व्या कलमात लिहिलेले होते. त्याच बैठकीत संयुक्त राष्ट्रांचे दूत इब्राहिम गंबारी म्यानमारची परिस्थिती नेत्यांना सांगणार होते. म्यानमारने हरकत घेतली आणि त्यांचे निवेदन रद्द झाले. मानवी हक्क मंडळाचे वचन आणि एका हरकतीने थांबलेले निवेदन, दोन्ही एकाच बैठकीतले. पुढे जे झाले त्याचा नमुना इथेच दिसतो.

कार्यकक्षा काय म्हणते

२३ ऑक्टोबर २००९ रोजी थायलंडमध्ये आसियान आंतरशासकीय मानवी हक्क आयोगाचे उद्घाटन झाले. नावातला 'आंतरशासकीय' हा शब्द विसरू नका. कार्यकक्षेनुसार हे सल्लागार मंडळ आहे. प्रत्येक सदस्य देशाचा एक प्रतिनिधी, मुदत तीन वर्षे, आणि ती एकदाच वाढवता येते.

आता ५ व्या विभागातली तीन उपकलमे एकापाठोपाठ एक वाचा. ५.२ सांगते की प्रतिनिधी त्याला नेमणाऱ्या सरकारला जबाबदार असेल. ५.६ सांगते की मुदत काहीही असली तरी नेमणारे सरकार आपल्या मर्जीने त्याला बदलू शकेल. आणि ५.७ सांगते की प्रतिनिधीने आपले काम निःपक्षपातीपणे करावे. पहिल्या दोन कलमांनी जे काढून घेतले, ते तिसरे कलम त्याच माणसाकडे मागते.

बॉयलरच्या सेफ्टी व्हॉल्व्हचे उदाहरण घेऊ. तो कोणत्या दाबाला उघडायचा हे ठरवून झाल्यावर त्याला सील लावतात. का? बॉयलर चालवणारा माणूस वाईट असतो म्हणून नव्हे. उत्पादन वाढवण्याचा दबाव त्याच्यावरच असतो, म्हणून व्हॉल्व्हची सेटिंग त्याच्या हाती ठेवत नाहीत. ५.६ या कलमाने ते सील काढून चालवणाऱ्याच्या खिशात दिले आहे.

निर्णयाची पद्धत ६.१ मध्ये आहे: सल्लामसलत आणि सहमती. मतदान नाही. म्हणजे ज्या देशाबद्दल चर्चा आहे त्या देशाच्या प्रतिनिधीचीही संमती हवी. कामांच्या यादीत १४ बाबी आहेत. जागृती करणे, प्रशिक्षण देणे, आंतरराष्ट्रीय करारांत सामील होण्यास देशांना उत्तेजन देणे, विषयवार अभ्यास करणे, जाहीरनामा तयार करणे. व्यक्तीकडून तक्रार घेणे, एखाद्या देशाला भेट देऊन चौकशी करणे, निवाडा देणे, यांपैकी काहीही त्या यादीत नाही. कामाची रीत कशी असावी हेही लिहिले आहे: विधायक, संघर्ष टाळणारी, हळूहळू विकसित होणारी.

याचा पहिला फटका कुणाला बसला? २३ नोव्हेंबर २००९ रोजी, म्हणजे उद्घाटनानंतर बरोबर एका महिन्याने, फिलिपिन्सच्या मागिंदानाओ प्रांतात ५८ जणांची हत्या झाली. त्यांतले ३२ जण पत्रकार आणि माध्यमांत काम करणारे होते. २०१० च्या सुरुवातीला मृतांचे नातेवाईक जकार्तामध्ये आसियानच्या सचिवालयात अर्ज घेऊन गेले. तक्रारी घेण्याचा अधिकार आपल्याला नाही, अशी भूमिका आयोगाने घेतली. फिलिपिन्सच्या न्यायालयाचा मुख्य निकाल यायला पुढे डिसेंबर २०१९ उजाडले.

'नखे काढलेला वाघ' ही टीका पुरेशी का नाही

आयोगावरचे बहुतेक लेखन इथेच थांबते. तक्रार घेता येत नाही, शिक्षा देता येत नाही, म्हणून हा नखे काढलेला वाघ. वर्गात विद्यार्थीही हेच लिहितात आणि मी गुणही देतो. पण ही टीका आळशी आहे असे माझे मत आहे, आणि त्यासाठी अमेरिका खंडांचा इतिहास पाहावा लागतो.

अमेरिकी राष्ट्रांच्या संघटनेने १९५९ मध्ये मानवी हक्क आयोग स्थापन करायचे ठरवले आणि १९६० मध्ये त्याचे काम सुरू झाले. त्याची नियमावली आजच्या आसियान आयोगाइतकीच फिकी होती. जागृती करावी, अभ्यास करावा, सरकारांना सर्वसाधारण शिफारशी कराव्यात. तक्रारींचा उल्लेखही नव्हता. आणि ज्या सरकारांनी तो नेमला, त्यांतली कित्येक हुकूमशाहीची होती. तरीही आयोगाने काय केले? सरकारांना शिफारशी करायच्या आहेत, मग एका विशिष्ट सरकारलाही करता येतील, असा अर्थ त्याने लावला. १९६१ मध्ये त्याने डोमिनिकन रिपब्लिकला प्रत्यक्ष भेट दिली. लोक पत्रे पाठवतच होते, आयोग ती वाचत होता. १९६५ मध्ये सदस्य देशांनी तक्रारी तपासण्याचा अधिकार त्याला रीतसर दिला. म्हणजे काम आधी झाले आणि अधिकार मागून आला.

१९७९ च्या सप्टेंबरमध्ये हाच आयोग लष्करी राजवटीतल्या अर्जेंटिनात गेला. ब्युनोस आयर्समध्ये बेपत्ता माणसांचे नातेवाईक रांगा लावून उभे राहिले आणि आयोगाने हजारो तक्रारी नोंदवून घेतल्या. १९८० मध्ये अहवाल आला. तुरुंगाचे एक दारही आयोगाला स्वतः उघडता येत नव्हते, पण बेपत्ता माणसे ही अफवा आहे असे म्हणणे त्यानंतर राजवटीला कठीण गेले.

मग एकसारख्या फिक्या नियमावलीतून एक आयोग वाढला आणि दुसरा वाढला नाही, हे कशामुळे? कारणे अनेक आहेत, पण आराखड्यातला एक फरक डोळ्यांत भरतो. अमेरिकी आयोगाचे सात सदस्य व्यक्ती म्हणून निवडले जातात, आपापल्या देशाचे प्रतिनिधी म्हणून नव्हे. त्यांना परत बोलावण्याची चावी त्यांच्या सरकारकडे नसते. नियमावलीचा अर्थ ताणून लावायला कुणीतरी माणूस लागतो, आणि त्याला दुसऱ्या दिवशी नोकरी टिकेल याची खात्री लागते.

म्हणून तक्रार-यंत्रणेच्या अभावापेक्षाही ५.६ हे कलम मला अधिक घातक वाटते. आसियान आयोगाच्या कार्यकक्षेत ताणण्यासारखी जागा नाही असे नाही. ४.१० पाहा: सदस्य देशांकडून मानवी हक्कांच्या संवर्धनाविषयी आणि संरक्षणाविषयी माहिती मिळवणे. संरक्षण हा शब्द तिथे आहे. धाडसी मंडळाने या एका ओळीच्या आधारे अमुक माणूस कुठे आहे, असे पत्र सरकारला लिहिले असते. सुरुवातीला तशी माणसेही होती. इंडोनेशियाने खुली निवड करून नागरी संघटनांत काम केलेले राफेंदी जामिन यांना पाठवले, थायलंडने विद्यापीठातल्या प्राध्यापिका श्रीप्रभा पेच्चरामेस्री यांना. पण दहांत दोन, आणि निर्णय सहमतीने. कार्यकक्षेचा पाच वर्षांनी फेरविचार करावा असे त्या कार्यकक्षेतच लिहिले होते. २०१४ उलटून गेले, मजकूर तोच राहिला.

जाहीरनामा

आसियान मानवी हक्क जाहीरनामा १८ नोव्हेंबर २०१२ रोजी नॉम पेन्ह येथे स्वीकारला गेला. त्यात ४० कलमे आहेत. चांगले आधी सांगतो. पिण्याच्या स्वच्छ पाण्याचा आणि सुरक्षित पर्यावरणाचा हक्क त्यात आहे, एचआयव्ही झालेल्यांना होणाऱ्या भेदभावाविरुद्ध शब्द आहेत, विकासाचा आणि शांततेचा हक्क आहे. १९४८ च्या जागतिक जाहीरनाम्यात या गोष्टी अशा नावाने नाहीत. जागतिक जाहीरनाम्यातले हक्क आपण मान्य करतो, हेही त्यात स्पष्ट म्हटले आहे.

पण ६ ते ८ ही कलमे वाचताना पेन्सिल हातात घ्या. सहावे म्हणते, हक्कांचा उपभोग कर्तव्यांशी तोलला पाहिजे. सातवे आधी म्हणते की सगळे हक्क सार्वत्रिक आणि अविभाज्य आहेत; मग त्याच कलमात म्हणते की त्यांची अंमलबजावणी प्रादेशिक आणि राष्ट्रीय संदर्भात, राजकीय, सांस्कृतिक आणि धार्मिक पार्श्वभूमी ध्यानात ठेवून व्हावी. आठवे मर्यादांची यादी देते: राष्ट्रीय सुरक्षा, सार्वजनिक सुव्यवस्था, आरोग्य, सुरक्षितता, नीतिमत्ता, लोकांचे सर्वसाधारण कल्याण.

"सर, मर्यादा तर आपल्या १९ व्या अनुच्छेदातही आहेत," असे तुम्ही म्हणाल. बरोबर. पण तिथली रचना पाहा. प्रत्येक स्वातंत्र्याला त्याची वेगळी मर्यादा, आणि ती वाजवी आहे की नाही हे ठरवायला न्यायालय. जाहीरनाम्यातली मर्यादा मात्र सरसकट सगळ्या हक्कांच्या डोक्यावर बसते. छळ न होण्याचा हक्कही त्यातून वेगळा काढलेला नाही, आणि आंतरराष्ट्रीय कायद्यात तर त्या हक्काला अपवादच नसतो. शिवाय मर्यादा वाजवी आहे का हे तपासणारे कुणी नाही. कित्येक कलमांच्या शेवटी 'कायद्यानुसार' असा शब्द जोडलेला आहे. आश्रय मागण्याचा हक्क आहे, पण ज्या देशात आश्रय मागायचा त्याच्या कायद्यानुसार. संघटना स्थापन करण्याचे सर्वसाधारण स्वातंत्र्य तर शोधूनही सापडत नाही. कामगार संघटनेपुरतेच ते आहे.

त्या वेळच्या संयुक्त राष्ट्रांच्या मानवी हक्क उच्चायुक्त नवी पिल्ले यांनीही या मजकुरावर जाहीर आक्षेप घेतला होता. त्याला उत्तर म्हणून नेत्यांनी सोबत एक निवेदन जोडले. अंमलबजावणी जागतिक जाहीरनाम्याला धरूनच होईल, असे ते सांगते. मूळ मजकुरात जे ठेवायचे धैर्य झाले नाही ते सोबतच्या पत्रात घातले, असा याचा अर्थ मी घेतो. तरीही हे पत्र निरुपयोगी नाही. उद्या एखाद्या वकिलाला तेच उपयोगी पडेल.

बेपत्ता माणूस

जाहीरनाम्यानंतर २७ दिवसांनी, १५ डिसेंबर २०१२ च्या संध्याकाळी, लाओसची राजधानी व्हिएन्टिआन येथे पोलिसांनी एक जीप थांबवली. ती चालवत होते सोम्बाथ सोम्फोन. ग्रामीण शिक्षण आणि शेतीत आयुष्य घालवलेला, २००५ मध्ये मॅगसेसे पुरस्कार मिळालेला माणूस. पोलिस चौकीपाशी त्यांना दुसऱ्या गाडीत बसवून नेल्याचे रस्त्यावरच्या कॅमेऱ्यात दिसते. त्यानंतर ते कुणालाही दिसलेले नाहीत. त्यांच्या पत्नी सिंगापूरच्या नागरिक, म्हणजे आसियानमधल्याच दुसऱ्या देशाच्या.

आता याच्या शेजारी होंडुरास ठेवा. १२ सप्टेंबर १९८१ रोजी मान्फ्रेदो वेलास्केस नावाचा विद्यार्थी तिथे असाच उचलला गेला. देशात दाद लागली नाही. तक्रार अमेरिकी आयोगाकडे गेली, तिथून सान होसे येथील आंतर-अमेरिकी न्यायालयात. २९ जुलै १९८८ रोजी न्यायालयाने सांगितले की माणूस सरकारी हाताने नेला हे थेट सिद्ध झाले नाही तरी तपास न करणे, दोषींना मोकळे सोडणे, हाच राज्याचा स्वतंत्र गुन्हा आहे. मान्फ्रेदो परत आला नाही. पण त्या निकालाने घातलेला पायंडा आजही बेपत्ता माणसांच्या खटल्यांत जगभर वापरतात. सोम्बाथ यांच्या पत्नीला असे कुठलेच दार उपलब्ध नव्हते. कॅमेऱ्यातले चित्रण घेऊन त्या ज्या मंडळाकडे जाऊ शकल्या असत्या, त्यात लाओस सरकारचा प्रतिनिधी बसलेला होता आणि त्याच्या संमतीशिवाय एक ओळ पुढे सरकत नव्हती.

रोहिंग्यांचे प्रकरण तुम्हाला ठाऊक आहे, म्हणून थोडक्यात. ऑगस्ट २०१७ नंतर सात लाखांहून अधिक माणसे म्यानमारमधून बांगलादेशात आली. त्या सप्टेंबरमध्ये आसियानच्या अध्यक्षांच्या निवेदनात रोहिंग्या हा शब्दही नव्हता. मलेशियाने उघडपणे त्या निवेदनातून अंग काढून घेतले, हे आसियानच्या रीतीत फार मोठे पाऊल. १ फेब्रुवारी २०२१ च्या लष्करी उठावानंतर एप्रिलमध्ये जकार्तात पाच मुद्द्यांवर सहमती झाली. त्या पाच मुद्द्यांतही 'मानवी हक्क' हे शब्द नाहीत.

म्यानमारवर वंशसंहाराचा खटला कुणी भरला? ११ नोव्हेंबर २०१९ रोजी, हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात, पश्चिम आफ्रिकेतल्या गाम्बियाने. आपल्या एखाद्या मध्यम जिल्ह्याएवढा देश. हा योगायोग नुसता गमतीचा नाही. आफ्रिकेच्या मानवी हक्क सनदेला बांजुल सनद म्हणतात, बांजुल ही गाम्बियाची राजधानी आणि आफ्रिकी आयोगाचे मुख्यालय तिथेच. त्या गाम्बियातही हुकूमशाही होती. २००६ मध्ये पकडून नाहीसा केलेला पत्रकार एब्रिमा मान्नेह याच्या बाजूने पश्चिम आफ्रिकी राष्ट्रांच्या न्यायालयाने २००८ मध्ये निकाल दिला आणि सरकारने तो मानलाही नाही. जानेवारी २०१७ मध्ये राजवट बदलली, आणि तीनच वर्षांच्या आत हा देश दुसऱ्यांच्या हक्कांसाठी हेगला उभा राहिला. एकातून दुसरे झाले असे मी म्हणत नाही. पण शेजाऱ्यांच्या न्यायालयात उत्तर द्यायची सवय ज्या प्रदेशाला लागली, तिथले न्यायमंत्री असा विचार करू शकतात, एवढे खरे.

दुसरी बाजू, आणि ती कमकुवत नाही

आसियानचा बचाव करणारा म्हणेल, कडक संस्था उभारून काय मिळाले? युरोपात डेन्मार्क, नॉर्वे, स्वीडन आणि नेदरलँड्स यांनी १९६७ मध्ये ग्रीसच्या लष्करशहांविरुद्ध तक्रार केली, तर १९६९ मध्ये ग्रीस युरोप परिषदेतूनच बाहेर पडला. २०२२ मध्ये रशिया गेला. आफ्रिकी न्यायालयात नागरिकांनी थेट जाण्याची परवानगी रवांडाने २०१६ मध्ये काढून घेतली, २०१९ मध्ये टांझानियाने, २०२० मध्ये बेनिन आणि आयव्हरी कोस्टने. टांझानियातल्या अरुशा शहरात तर त्या न्यायालयाचे मुख्यालय आहे! आसियानमधून मात्र कुणी गेले नाही. सगळे एका टेबलाभोवती आहेत, आणि स्त्रिया, मुले, अपंग व्यक्ती यांच्या हक्कांचे तिन्ही जागतिक करार दहाही जुन्या सदस्यांनी मान्य केले आहेत. अपंगांच्या हक्कांसाठी २०१८ मध्ये जो प्रादेशिक आराखडा स्वीकारला गेला, त्यामागे याच आयोगाचे काम होते.

हा युक्तिवाद मी गंभीरपणे घेतो. ग्रीस १९७४ मध्ये परत आला, हे त्याला उत्तर आहे, पण पुरते नाही. रशिया परतेल असे कोण सांगेल? मात्र या युक्तिवादात दोन गोष्टींची सरमिसळ होते. निवाडा करण्याचा अधिकार ही एक गोष्ट. तो महाग आहे, त्याने सदस्य दुखावतात. मंडळाच्या सदस्यांना स्वतःचे मत असणे ही दुसरी, आणि ती स्वस्त आहे. निवाड्याचा एकही अधिकार न देता, फक्त ५.६ काढून आणि ६.१ मध्ये 'ज्या देशाचा प्रश्न आहे तो वगळून' एवढे शब्द घालून हा आयोग वेगळा झाला असता. युरोपानेही सगळे एका दिवसात केले नाही. नागरिकाने थेट तक्रार करण्याचा हक्क तिथे १९९८ पर्यंत ऐच्छिकच होता. ब्रिटनने तो १९६६ मध्ये स्वीकारला. हळूहळू वाढणे याला माझा आक्षेप नाही. जिने वाढायचे ती फांदीच कापून ठेवली, हा माझा आक्षेप आहे.

आणि आपला शेजार

आग्नेय आशियाला नावे ठेवून झाल्यावर दक्षिण आशियाकडे पाहिले की बोलणे अडखळते. सार्क १९८५ पासून आहे. तिच्या सनदेचे १० वे कलम सांगते की निर्णय एकमताने होतील आणि द्विपक्षीय, वादग्रस्त प्रश्न चर्चेला येणार नाहीत. मानवी हक्क आयोग नाही, जाहीरनामा नाही. मानवी व्यापाराविरुद्धचा २००२ चा करार आणि २००४ ची सामाजिक सनद, असे काही दस्तऐवज तेवढे आहेत. शिखर परिषद २०१४ मध्ये काठमांडूला झाली ती शेवटची. ज्या आयोगावर मी इतकी पाने खर्च केली, तसा फिका आयोगही आपल्याकडे नाही.

तरीही एक लहानशी गोष्ट आपण करून पाहिली होती, आणि अभ्यासक्रमात ती कुठेच नसते. समुद्रात रेघ आखलेली नसते. गुजरातच्या किनाऱ्यावरून निघालेल्या होड्या पाकिस्तानच्या हद्दीत जातात, तिकडच्या इकडे येतात, आणि खलाशी वर्षानुवर्षे तुरुंगात राहतात. त्या गुजराती होड्यांवर आमच्या पालघर जिल्ह्यातले आदिवासी मजूरही असतात. शिक्षा संपली तरी सुटका होत नाही, कारण आधी नागरिकत्वाची खात्री पटवावी लागते आणि दोन्ही सरकारांचे संबंध त्या वेळी कसे आहेत यावर ती अवलंबून असते. २००७ मध्ये भारत आणि पाकिस्तान यांनी निवृत्त न्यायाधीशांची एक समिती नेमली, दोन्हीकडचे चार-चार. त्यांनी एकमेकांच्या तुरुंगांत जाऊन कैद्यांना भेटायचे, आजारी, मनोरुग्ण, शिक्षा भोगून झालेले यांच्या सुटकेची शिफारस करायची. सरकारे मानोत न मानोत, न्यायाधीश आत जाऊन माणूस डोळ्यांनी पाहत होते. ऑक्टोबर २०१३ मध्ये ही समिती पाकिस्तानात गेली, त्यानंतर भेटी थांबल्या.

टिकली ती दुसरी व्यवस्था. २१ मे २००८ च्या करारानुसार दरवर्षी १ जानेवारी आणि १ जुलै रोजी दोन्ही देश एकमेकांच्या ताब्यातल्या कैद्यांच्या याद्या देतात. युद्धाच्या तोंडावर असतानाही त्या दिल्या गेल्या आहेत. इथे आयोग नाही आणि न्यायालयही नाही. फक्त ठरलेल्या तारखेला नावे लेखी द्यायची. पण यादीत नाव आलेला माणूस बेपत्ता राहत नाही. लाओसमध्ये नेमके हेच हवे होते.

स्वाध्याय: परराष्ट्र मंत्रालयाची या याद्यांविषयीची लागोपाठची चार निवेदने शोधा. प्रत्येकात मच्छीमार किती, इतर नागरिक किती, आणि शिक्षा पूर्ण होऊनही आत असलेले किती, याचा तक्ता करा. मग २००७ च्या न्यायाधीशांच्या समितीला तुम्ही स्वतः कार्यकक्षा लिहून द्या, एका पानाची. सदस्य कोण नेमेल, त्याला कोण काढू शकेल, आणि दोन्ही सरकारांचे संबंध बिघडले असताना समितीची भेट कुणाच्या सहीने होईल, या तीन ओळी आधी लिहा.